स्लो कुकरमधला आंबट-तिखट पॉट रोस्ट वारंवार का बिघडतो: चिवट मांस, पातळ रस्सा आणि नाहीसा झालेला आंबटपणा

पॉट रोस्ट म्हणजे झाकलेल्या भांड्यात मंद आचेवर मऊ होईपर्यंत शिजवलेला मांसाचा अखंड तुकडा, आणि स्लो कुकर म्हणजे विजेवर सावकाश तापणारे झाकणाचे भांडे. समस्येचे स्वरूप असे आहे. सकाळी मांसाचा दीड किलोचा अखंड तुकडा, कांदे, गाजरे, बटाटे, टोमॅटो, व्हिनेगर, व्हिनेगरमध्ये मुरवलेल्या मिरच्या आणि मसाल्याची पूड असे सगळे साहित्य स्लो कुकरमध्ये भरले जाते, वरून पाणी ओतले जाते आणि झाकण लागते. संध्याकाळी झाकण निघते तेव्हा मांस सुरीला दाद देत नाही, रस्सा पाण्यासारखा पातळ असतो, गाजर बाहेरून मऊ आणि आतून कच्चे राहिलेले असते, आणि ज्या आंबट चवीसाठी एवढा खटाटोप केला ती चव कुठेच सापडत नाही. तिखट मात्र अपेक्षेपेक्षा जास्त उतरलेले असते. पुढच्या खेपेला व्हिनेगर वाढवले जाते, मिरच्या कमी केल्या जातात, तासभर जास्त शिजवले जाते, आणि तरीही यांपैकी एखादी तक्रार शिल्लक राहतेच.

माझ्या हातून हा पदार्थ सलग चार वेळा बिघडला. पाचव्या वेळी तारेचा थर्मामीटर मांसाच्या मध्यभागी खोचला, तार झाकणाच्या कडेखालून बाहेर काढली आणि दिवसभर तासातासाला तापमान वहीत लिहिले. त्यानंतर जे लक्षात आले ते असे की तक्रारी पाच दिसत असल्या तरी त्यांचे मूळ एकच आहे: सगळे साहित्य एकाच वेळी भांड्यात जाते. मांसाला जेवढा वेळ लागतो तेवढा वेळ आंबट चव तग धरत नाही, आंबट रसात गाजर-बटाटे नीट शिजत नाहीत, आणि मांसातून पाणी सुटणार आहे याचा हिशेब न करता आपण वरून आणखी पाणी घालतो. पुढे प्रत्येक तक्रारीचे कारण आणि उपाय सांगितला आहे. चिवट मांस आणि आंबटपणा यांवर जास्त लिहिले आहे, कारण बहुतेकांची गाडी याच दोन ठिकाणी अडते.

आधी यंत्राविषयी

स्लो कुकरवरच्या ‘लो’ आणि ‘हाय’ या खुणांमुळे असा समज होतो की एकीवर अन्न कमी तापमानाला शिजते आणि दुसरीवर जास्त. बहुतेक यंत्रांत, पुरेसा वेळ दिल्यास, दोन्ही खुणांवरचा रस्सा शेवटी उकळीच्या जवळपास सारख्याच तापमानाला पोहोचतो. फरक असतो तो तिथवर पोहोचायला लागणाऱ्या वेळाचा: ‘हाय’वर साधारण तीन ते चार तास आणि ‘लो’वर सात ते आठ तास. दुसरी गोष्ट म्हणजे झाकणाखाली अडकलेली वाफ थेंब होऊन पुन्हा भांड्यातच पडते, त्यामुळे उघड्या पातेल्यात रस्सा जसा आटतो तसा इथे आटत नाही.

हे यंत्र मुळात कशासाठी बनले ते पाहिले तर यात नवल वाटत नाही. अमेरिकेत आयर्विंग नॅक्सन यांना त्याचे पेटंट १९४० मध्ये मिळाले आणि त्यांचे यंत्र ‘नॅक्सन बीनरी’ या नावाने विकले जात असे. १९७० मध्ये ‘रायव्हल’ या कंपनीने त्यांचा व्यवसाय विकत घेतला आणि १९७१ पासून तेच यंत्र ‘क्रॉक-पॉट’ म्हणून घरोघरी पोहोचले. नावात ‘बीन’ आहे ते उगाच नाही. घेवड्यासारखे कोरडे दाणे शिजताना पाणी पिऊन घेतात, तर मांस शिजताना पाणी सोडते. दाण्यांच्या हिशेबाने पाणी घालून मांस शिजवले की रस्सा पातळ होणारच.

वेळेचे गणित दर वेळी चुकत असेल तर एकदा यंत्राचीच परीक्षा घ्यावी. भांडे पाण्याने अर्धे भरून झाकण लावावे, ‘लो’वर आठ तास ठेवावे आणि झाकण उघडताक्षणी पाण्याचे तापमान मोजावे. ते ८५ ते ९३ अंश सेल्सिअसच्या दरम्यान असले पाहिजे. त्याहून बरेच जास्त असेल तर यंत्र जोरात तापते आणि पाककृतीतली वेळ कमी करावी लागते. ८५ पेक्षा कमी असेल तर मात्र ते यंत्र मांसासाठी वापरू नये, कारण त्यात अन्न धोक्याच्या तापमानपट्ट्यातून, म्हणजे ४ ते ६० अंशांमधून, पुरेशा वेगाने बाहेर पडेल याची खात्री राहत नाही.

तक्रार पहिली: मांस चिवट राहते

चिवटपणा दोन प्रकारचा असतो आणि दोहोंचे उपाय एकमेकांच्या विरुद्ध असल्यामुळे आधी आपल्या भांड्यातला चिवटपणा कोणता हे ओळखावे लागते. पहिल्या प्रकारात मांस रबरासारखे असते, तंतू एकमेकांना घट्ट धरून असतात आणि काटा टोचला तर सुटत नाही. हे मांस अजून शिजायचे आहे. दुसऱ्या प्रकारात तंतू सहज सुटतात, पण प्रत्येक तंतू सुतळीसारखा कोरडा लागतो आणि घास तोंडात फिरत राहतो. हे मांस एकतर फार वेळ शिजले आहे, किंवा मुळातच पॉट रोस्टसाठी योग्य नव्हते. माझ्या अनुभवात दहापैकी आठ-नऊ वेळा तक्रार पहिल्या प्रकारची असते, आणि गंमत म्हणजे स्वयंपाक करणारा नेमका उलटा निष्कर्ष काढतो: मांस कडक लागले म्हणजे जास्त शिजले असे समजून तो पुढच्या वेळी वेळ कमी करतो आणि मांस आणखी कडक होते.

असे का होते ते समजून घेण्यासारखे आहे. मांस तापू लागले की साधारण ५० अंशांपासून त्याच्या तंतूंतली प्रथिने आकसू लागतात. ६० अंशांच्या पुढे तंतूंना बांधून ठेवणारे कोलॅजेन आवळले जाऊन आतले पाणी पिळून काढते, आणि ७० ते ८० अंशांच्या दरम्यान मांस जास्तीत जास्त कडक होते. त्याच सुमारास कोलॅजेनचे जिलेटिनमध्ये रूपांतर व्हायला वेग येऊ लागतो, पण ते काम सावकाश, कित्येक तास चालते. पॉट रोस्ट मऊ लागतो तो या जिलेटिनमुळे. कोरड्या पडलेल्या तंतूंभोवती त्याचा गुळगुळीत थर बसतो आणि खाणाऱ्याला मांस रसाळ वाटते. थोडक्यात, कडकपणाचा टप्पा टाळता येत नाही, तो ओलांडावाच लागतो.

वहीतल्या नोंदींत हे स्पष्ट दिसले. ‘लो’वर पाच तास झाल्यावर मांसाच्या मध्यभागी ८१ अंश तापमान होते. क्षणभर झाकण उचलून काटा टोचला. तो आत गेला, पण ओढताना मांसाने त्याला धरून ठेवले आणि काट्याबरोबर अख्खा तुकडा बोटभर वर उचलला गेला. आधीच्या चारही वेळा मी याच टप्प्याच्या आसपास भांडे बंद केले होते. साडेसात तासांनी तापमान ९४ अंश झाले. या वेळी काटा जवळजवळ स्वतःच्या वजनानेच खाली उतरला, पाव फेरा फिरवताच तंतू अलगद बाजूला झाले, आणि त्यांच्यामध्ये चकचकीत, बोटाला किंचित चिकटणारा थर दिसला. मांस तेच आणि भांडेही तेच होते, मधे फक्त अडीच तास गेले होते.

म्हणून घड्याळावर विसंबण्यापेक्षा मांसाच्या मध्यभागी ९२ ते ९६ अंश तापमान आणि काट्याचा हा पाव फेरा या दोन खुणांवर विसंबावे. बीफचा अखंड तुकडा ६३ अंशांवर खाण्यास सुरक्षित होतो असे तक्ते सांगतात आणि ते खरेही आहे, पण सुरक्षित होणे आणि मऊ होणे यांत तीस अंशांचे अंतर आहे.

तुकडा कोणता निवडला यालाही तितकेच महत्त्व आहे. खांद्याचा तुकडा सर्वांत भरवशाचा, कारण त्यात चरबीच्या बारीक रेषा आणि कोलॅजेन दोन्ही भरपूर असतात. छातीचा तुकडाही चालतो, मात्र त्याला वेळ जास्त लागतो. मागच्या मांडीचे किंवा पुठ्ठ्याचे मांस दिसायला सुबक आणि कमी चरबीचे असल्यामुळे मोह पडतो, पण त्यात जिलेटिन होण्याजोगे फारसे काही नसते. ते आठ तास शिजवले की दुसऱ्या प्रकारचा, सुतळीसारखा चिवटपणा हमखास मिळतो. असे मांस आधीच घरात आले असेल तर ते स्लो कुकरमध्ये न घालता दुसऱ्या पद्धतीने शिजवणेच शहाणपणाचे. खांद्याच्या मांसालाही मर्यादा आहेच: ते मऊ झाल्यावर आणखी तीन-चार तास तसेच तापत राहिले तर जिलेटिन रश्शात उतरते आणि भांड्यात कोरड्या तंतूंचा भुगा उरतो.

याशिवाय काही सवयी वेळेचे गणित बिघडवतात. गोठलेले मांस थेट भांड्यात घालू नये. शिजायला किती वेळ लागेल याचा अंदाजच राहत नाही, आणि त्याहून गंभीर म्हणजे ते धोक्याच्या तापमानात फार वेळ राहते, म्हणून आदल्या दिवशी ते फ्रिजमध्ये पूर्ण वितळू द्यावे. भांडे अर्ध्यापेक्षा कमी किंवा दोन-तृतीयांशापेक्षा जास्त भरू नये. झाकण उघडल्यावर गेलेली उष्णता परत भरून यायला पंधरा-वीस मिनिटे सहज जातात, त्यामुळे दर तासाला डोकावणाऱ्याचा पॉट रोस्ट रात्रीच्या जेवणाऐवजी मध्यरात्री तयार होतो. उंच डोंगराळ भागात पाणी कमी तापमानाला उकळते, सुमारे दर ३०० मीटरला एक अंशाने कमी, म्हणून तिथे वेळ वाढवून धरावी.

जेवणाची वेळ झाली आहे आणि मांस पहिल्या प्रकारचे चिवट आहे, अशा वेळी ते तसेच कापून वाढू नये. अर्ध्या तासात ते मऊ होणार नाही. तुकड्याचे तंतूंना आडवे असे चार-पाच भाग करून रश्शासकट प्रेशर कुकरमध्ये घालावे आणि दाब आल्यावर वीस ते पंचवीस मिनिटे शिजवावे. दुसऱ्या प्रकारचे कोरडे मांस मात्र कशानेही पूर्ववत होत नाही. ते बारीक उलगडून, आटवलेल्या गरम रश्शात कालवून वाढले की दोष बराच झाकला जातो.

भांड्यात घालण्यापूर्वी तुकडा तव्यावर परतावा का, हा प्रश्न नेहमी येतो. परतल्याने मांसातला रस आत कोंडला जातो, ही एकोणिसाव्या शतकात जर्मन रसायनशास्त्रज्ञ युस्टुस फॉन लीबिग यांच्यामुळे रूढ झालेली समजूत चुकीची आहे, आणि चिवटपणाशी परतण्याचा काही संबंध नाही. चवीशी मात्र मोठा संबंध आहे. मांसाचा खमंगपणा सुमारे १४० अंशांच्या वर येतो आणि स्लो कुकरमधले ओले मांस १०० अंशांच्या पुढे कधीच जात नाही. तुकडा कागदाने टिपून पूर्ण कोरडा करावा, कडकडीत तापलेल्या पॅनमध्ये प्रत्येक बाजू चार-पाच मिनिटे न हलवता परतावी, आणि पॅनच्या तळाला चिकटलेला तपकिरी थर थोड्या पाण्याने खरवडून तोही भांड्यात घालावा. आंबट पदार्थाला याची गरज जास्त असते, कारण मागे खमंगपणाचा आधार नसेल तर आंबटपणा पोरका आणि टोचरा लागतो.

तक्रार दुसरी: आंबटपणा हरवतो

सकाळी अर्धी वाटी व्हिनेगर घालूनही संध्याकाळी चव सपक का लागते? आम्ल नष्ट झाले, असा समज होतो. प्रत्यक्षात त्यातला थोडासा भागच वाफेबरोबर जातो, बाकीचे आम्ल भांड्यातच असते, पण झाकले जाते. एकतर मांसातून सुटलेल्या रसाने ते पातळ होते. दुसरे म्हणजे मांसातली प्रथिने आम्लाची तीव्रता शोषून घेतात. तिसरे म्हणजे जिलेटिन आणि चरबी जिभेवर थर धरतात, आणि आठ तास शिजलेले कांदे व गाजरे रश्शाला गोडी आणतात. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे आपण ज्याला ‘आंबट चव’ म्हणतो त्यातला बराचसा भाग वासाचा असतो. लिंबाचा ताजेपणा, व्हिनेगरचा नाकाला जाणवणारा झटका आणि मुरवलेल्या मिरचीचा वास दिवसभराच्या उष्णतेत टिकत नाहीत.

यावर सकाळी आणखी व्हिनेगर घालणे हा उपाय सर्वांना सुचतो आणि तोच पुढचे घोटाळे करतो. जास्त आम्लात मांसाचा बाहेरचा थर खडूसारखा भुसभुशीत होतो, भाज्या शिजत नाहीत, आणि ताजेपणा तरीही मिळत नाही.

उपाय असा की आंबट घटक दोन हप्त्यांत घालावेत आणि मोठा हप्ता शेवटी ठेवावा. दीड किलो मांसासाठी सुरुवातीला दोन टेबलस्पून व्हिनेगर आणि एक टेबलस्पून टोमॅटो पेस्ट एवढे पुरते. यामुळे रश्शाला आंबट-गोड पाया मिळतो आणि थोडे आम्ल कोलॅजेन विरघळायला मदतही करते. मांस मऊ झाल्यावर, रस्सा गाळून आटवल्यानंतर आणि आच बंद केल्यानंतर दुसरा हप्ता घालावा: दोन ते तीन टेबलस्पून मुरवलेल्या मिरच्यांच्या बाटलीतले आंबट पाणी, किंवा तेवढाच लिंबाचा रस, किंवा दोन्ही निम्मे-निम्मे. एक-एक चमचा घालत, ढवळत, दोन मिनिटे थांबून चव घ्यावी. ही चव नुसत्या रश्शाची न घेता मांसाच्या तुकड्याबरोबर घ्यावी, कारण नुसता रस्सा नेमका आंबट लागत असेल तर मांसाबरोबर तो कमीच पडतो.

लिंबाविषयी एक सूचना स्वतंत्रपणे करावीशी वाटते. पाककृतींच्या छायाचित्रांत मांसावर लिंबाच्या सालीसकट चकत्या मांडलेल्या दिसतात. त्या सुंदर दिसतात आणि आठ तासांत सालीखालच्या पांढऱ्या भागातला कडवटपणा सगळ्या रश्शात उतरवतात. हा कडवटपणा नंतर काढता येत नाही. लिंबाचा रस शेवटी घालावा, आणि चकत्या हव्याच असतील तर वाढताना ठेवाव्यात.

दही किंवा आंबट क्रीम वापरायचे असेल तर तेही शेवटच्या हप्त्यातच घालावे. आम्ल आणि दीर्घ उष्णता एकत्र आली की ते फाटते आणि रश्शात पांढरे कण तरंगू लागतात. थोडा गरम रस्सा दह्यात मिसळून, ते कोमट करून, मग आच बंद असलेल्या रश्शात ओतल्यास फाटत नाही.

रस्सा उलट फार आंबट झाला असेल तर आधी अर्धा-अर्धा चमचा साखर आणि थोडे लोणी घालून पाहावे. एवढ्याने बहुतेक वेळा भागते. खरोखरच सहन होत नसेल तर चिमूटभर खाण्याचा सोडा घालावा, फेस बसू द्यावा आणि पुन्हा चव घ्यावी. सोडा आम्लाला निष्प्रभ करतो हे खरे, पण दुसऱ्या-तिसऱ्या चिमटीनंतर रश्शाला साबणासारखी चव येते, तेव्हा हात आखडताच ठेवावा. आणि आंबट रस्सा आटवायचे पातेले स्टीलचे असावे. ॲल्युमिनियमच्या किंवा उघड्या लोखंडाच्या भांड्यात आम्लामुळे धातूची चव उतरते, आणि मग दोष बिचाऱ्या मिरच्यांना दिला जातो.

तक्रार तिसरी: मांस शिजते, गाजर शिजत नाही

आठ तासांत मांस विरघळते आणि गाजर कच्चे राहते हे अनेकांना अविश्वसनीय वाटते. भाज्यांच्या पेशींना जोडून ठेवणारे पेक्टिन आंबट द्रवात विरघळायला फार वेळ घेते, हे पहिले कारण. दुसरे कारण स्लो कुकरच्या संथपणात आहे. गाजर आणि बटाटा साधारण ५५ ते ६५ अंशांच्या दरम्यान रेंगाळले की त्यांच्यातले एक विकर जागे होते आणि पेक्टिनची बांधणी अशी बदलते की कॅल्शियमच्या मदतीने ती आणखी घट्ट होते. हा घट्टपणा नंतर उकळूनही सहजासहजी जात नाही. त्यात मुरवलेल्या मिरच्या कुरकुरीत राहाव्यात म्हणून बाटलीत बरेचदा कॅल्शियम क्लोराइड घातलेले असते (बाटलीवरची घटकांची यादी वाचल्यास ते सापडेल), म्हणजे ते पाणी सकाळीच भांड्यात ओतणारा माणूस गाजरांना कडक करण्याची सगळी तयारी स्वतःच करून ठेवतो.

यावर मला सर्वांत खात्रीचा वाटलेला उपाय म्हणजे गाजर-बटाट्यांचे मोठे तुकडे साध्या, मीठ घातलेल्या उकळत्या पाण्यात आठ-दहा मिनिटे वेगळे उकडून घेणे आणि मांस तयार व्हायला तासभर उरला असताना ते रश्शात सोडणे. उकळत्या पाण्यात ते ५५ ते ६५ अंशांचा पट्टा झटकन ओलांडतात, आणि शेवटच्या तासात रश्शाची चव त्यांच्यात मुरते. कांद्याला हे सोपस्कार नकोत, तो सकाळीच तळाशी पसरावा.

तक्रार चौथी: तिखट हाताबाहेर जाते

मिरचीतले कॅप्सेसिन दिवसभराच्या उष्णतेत जवळजवळ तसेच राहते आणि चरबीत विरघळून सगळीकडे पसरते. मिरच्या चिरून घातल्या तर हे लवकर होते, अख्ख्या घातल्या तर सावकाश. तिखटाचा मुख्य साठा बियांत नसून बिया ज्या पांढऱ्या शिरांना चिकटलेल्या असतात त्या शिरांत असतो, त्यामुळे नुसत्या बिया झटकून फारसा फरक पडत नाही. मध्यम तिखट हवे असेल तर सहा ते आठ मुरवलेल्या मिरच्या अख्ख्याच घालाव्यात आणि मांस मऊ झाल्यावर त्या काढून ठेवाव्यात. ज्यांना हव्यात त्यांनी पानात घ्याव्यात. मिरपुडीसारख्या दळलेल्या मसाल्यांचा वास आठ तासांत उडून जातो आणि मागे नुसती कडवट तिखटी उरते, म्हणून त्यांचा अर्धा भाग शेवटी घालावा. तिखट जास्त झालेच तर पाणी घालू नये. वाढताना साय, लोणी किंवा दही द्यावे.

तक्रार पाचवी: रस्सा पातळ, तेलकट किंवा खारट

शिजताना मांसाचे वजन पाव ते एक-तृतीयांश घटते. दीड किलोच्या तुकड्यातून म्हणजे सुमारे ४०० ते ५०० मिलिलिटर द्रव आणि चरबी भांड्यात जमा होते. म्हणून सुरुवातीला सगळे द्रव मिळून १२० ते १५० मिलिलिटर पुरेसे असते. सकाळी हे इतके कमी दिसते की हात आपोआप पाण्याकडे जातो, आणि तिथेच थांबायचे असते. मांस बुडालेले असण्याची गरज नाही, झाकणाखालची वाफ वरच्या भागाचे काम करते.

तयार रस्सा गाळून दहा मिनिटे स्थिर ठेवावा, वर आलेली चरबी पळीने काढावी, आणि पसरट पातेल्यात मोठ्या आचेवर तो निम्म्याच्या आसपास येईपर्यंत आटवावा. जिलेटिन असल्यामुळे आटलेला रस्सा आपोआप चमच्याला धरतो. तेवढा वेळ नसेल तर दर २४० मिलिलिटर रश्शाला एक टेबलस्पून कॉर्नफ्लोअर दोन टेबलस्पून थंड पाण्यात कालवून उकळत्या रश्शात घालावे आणि एक-दोन मिनिटांत आच बंद करावी. मैदा किंवा कॉर्नफ्लोअर सकाळीच घालण्यात अर्थ नाही, कारण आंबट द्रवात तासन्‌तास तापल्यावर स्टार्चचे रेणू तुटतात आणि दाटपणा जातो. क्रम मात्र पाळावा: आधी आटवणे, मग दाट करणे, मग मीठ, आणि सर्वांत शेवटी आंबट.

मीठ शेवटी घालण्याचे कारण उघड आहे, रस्सा निम्मा आटला की मिठाची तीव्रता दुप्पट होते. मुरवलेल्या मिरच्यांचे पाणी, तयार मसाल्याची पाकिटे आणि तयार स्टॉक हे तिन्ही खारट असतात, आणि तिन्ही एकत्र वापरणाऱ्याने सकाळी मीठ अजिबात घालू नये. यांपैकी काहीच नसेल तर दर किलो मांसाला दहा ग्रॅम मीठ आदल्या रात्री मांसालाच चोळून ठेवणे उत्तम. रस्सा खारट झाल्यावर त्यात कच्चा बटाटा टाकायचा सल्ला सगळीकडे मिळतो. बटाटा खारट रस्सा पितो, नुसते मीठ वेचून घेत नाही, त्यामुळे उरलेला रस्सा होता तितकाच खारट राहतो. बिनमिठाचे पाणी घालून रस्सा वाढवणे आणि तो पुन्हा दाट करणे, एवढाच खरा मार्ग आहे.

वाढताना आणि उरल्यावर

मांस भांड्यातून काढून लगेच कापू नये. थोड्या रश्शात झाकून पंधरा-वीस मिनिटे ठेवावे आणि मग तंतूंच्या दिशेला आडवे कापावे. उभे कापलेले मऊ मांससुद्धा दोरीसारखे लागते. शिजत असताना वीज गेली आणि आपण घरी असलो तर मांस ताबडतोब गॅसवर शिजवून पूर्ण करावे. आपण बाहेर असताना ती किती वेळ गेली होती हे कळायला मार्ग नसेल, तर अन्न वरून शिजलेले दिसत असले तरी टाकून द्यावे.

उरलेले मांस दोन तासांच्या आत उथळ भांड्यांत काढून रश्शासकट फ्रिजमध्ये ठेवावे. सकाळी चरबीचा घट्ट पापुद्रा वरून अखंड उचलता येतो, आणि ज्यांचा रस्सा नेहमी तेलकट होतो त्यांनी हा पदार्थ मुद्दाम आदल्या दिवशी करण्याचे तेवढे एक कारणही पुरे आहे. तीन-चार दिवसांत तो संपवावा. पुन्हा गरम करताना स्लो कुकर वापरू नये, तो फार सावकाश तापतो. पातेल्यात ठेवून मधला भाग ७४ अंशांपर्यंत नेऊन गरम करावा. दुसऱ्या दिवशी आंबटपणा पुन्हा दबलेला असतो, तेव्हा आच बंद केल्यावर बाटलीतले आणखी एक चमचा आंबट पाणी घालून मगच वाढावे.